चादरवाला कोण होता

हमीदभाईंच्या दुकानात दोन आवाज नेहमी एकत्र असायचे. एक, पोट उघडून ठेवलेल्या कुठल्या तरी रेडिओची खरखर. दुसरा, कोपऱ्यातल्या लहान टीव्हीवर चालणाऱ्या गेमचं संगीत, जे कधी संपायचं नाही, फक्त पुन्हा पहिल्यापासून सुरू व्हायचं. दुकान म्हणजे एकच लांबट खोली. रस्त्याच्या बाजूला हमीदभाईंचं टेबल, वितळलेल्या कथिलाचा वास, भिंतीला लागून गिऱ्हाइकांसाठी एक बाक आणि आतल्या टोकाला टीव्ही. त्यासमोर पोत्यावर आम्ही पोरं. हमीदभाईंचा मुलगा जावेद माझ्याच वर्गात होता, म्हणून मला आणि गुरुजींच्या मंगेशला जास्त वेळ बसू दिलं जाई. एटापल्लीकडे जाणाऱ्या रस्त्यावरचं आमचं गाव तेव्हा दिवसातून निम्मा वेळ विजेविना असे, आणि वीज आली की पहिल्यांदा कळे ते या संगीतावरून.

त्या गेमचं नाव आम्हाला कधीच कळलं नाही. हमीदभाईंनी चंद्रपूरहून आणलेल्या कॅसेटवरचा कागद फाटलेला होता आणि पडद्यावर येणारी अक्षरं इंग्रजीसुद्धा नव्हती. आम्ही त्याला जंगलवाला गेम म्हणायचो. डोक्याला लाल पट्टी बांधलेला एक पोरगा बंदूक घेऊन झाडीतून धावतो, नदी ओलांडतो, कडे चढतो, एवढीच गोष्ट. पण तिसऱ्या स्टेजला, धबधब्याच्या पुढे, एका मोठ्या झाडाखाली एक माणूस उभा दिसे. डोक्यापासून पायापर्यंत चादर. तोंड दिसत नसे. तो हलत नसे, वार करत नसे. गोळी मारली तर आरपार जाई. जवळ गेलं की पडदा सरकायचा आणि तो गायब. त्याच्या जागी एक लाल गाठोडं पडलेलं असे. ते घेतलं की आपली एक लाइफ वाढे. पुढे पाचव्या स्टेजला तो पुन्हा दिसे, पुलाच्या पलीकडे. सहाव्याच्या पुढे आमच्यापैकी कोणी गेलेलं नव्हतं, त्यामुळे हा कोण, याचं उत्तर सांगणारं गावात कोणी नव्हतं.

आज वाटतं, त्या प्रश्नावर आम्ही एवढे का तुटून पडलो, याचं कारण गेममध्ये नव्हतं, गावात होतं. आमच्याकडे कोणाला ओळख विचारत नसत. दारात कोणी आलं तर पाणी द्यायचं, बसायला पोतं टाकायचं, पण कुठून आला, कोणाचा कोण, हे विचारायचं नाही. विचारलं तर उत्तर ऐकावं लागतं, आणि ऐकलं की दुसरा कोणी येऊन तेच आपल्याला विचारतो. बंदुका दोन्हीकडे होत्या, जंगलातही आणि रस्त्यावरही. लहानपणापासून आमच्या अंगात हे भिनलेलं. ज्याच्याबद्दल मोठ्या आवाजात ‘हा कोण बे?’ असं विचारता येईल असा सगळ्या पंचक्रोशीत एकच माणूस होता, आणि तो टीव्हीत होता.

मंगेश म्हणायचा, तो खबऱ्या आहे. ‘‘पाह्य ना, हिरो जिथी जाते तिथी हा आधीच उभा. कोण कुठी चालला ते वर सांगते हा.’’

जावेदचं म्हणणं, तोच शेवटचा बॉस. ‘‘लास्टमें चादर निकालेगा, देखना. गाठोडं ठेवते ना, ते चारा हाये. मच्छीले कसं टाकतेत, तसं.’’

‘‘चारा असता तं लाइफ कमी झाली असती. लाइफ वाढते बे!’’ मी म्हणायचो. ‘‘तो हिरोचा मोठा भाऊ हाये. त्याले समोर येता येत नाई, म्हून शिदोरी ठेवून जाते.’’

‘‘भाऊ असता तं बोलला नसता का?’’

‘‘बोलता येत नसन.’’

‘‘मुका हाये का तुया भाऊ?’’ मंगेश हसायचा, आणि मी पडद्याकडे पाहत राहायचो. कारण मला भाऊ होता, आणि त्याच्याबद्दल बोलायची मला बंदी होती.

विलासभाऊ माझ्यापेक्षा बराच मोठा. तो तेंदूपत्त्याच्या ठेकेदाराकडे ट्रॅक्टर चालवायचा. एका संध्याकाळी वाटेत त्याला बंदूकवाल्यांनी अडवलं आणि तांदळाची पोती नाल्याच्या पलीकडे पोचवून द्यायला लावली. त्यानं पोचवली, न पोचवून काय करणार होता? नंतर रस्त्यावरची माणसं, म्हणजे पोलीस, त्याला शोधायला लागली, पोती कोणाला दिली हे विचारायला. आणि त्यानं ते सांगितलं तर जंगलातली माणसं त्याला विचारणार होती. मग मामानं त्याला आतल्या एका गोंडी पाड्यावर ओळखीच्या घरी ठेवलं. गावात आम्ही सांगायचो, भाऊ नागपूरला कंपनीत लागला.

आमचं घर गावाच्या टोकाला. मागे सांदवाडी, म्हणजे परस, त्याला काड्यांचं कुंपण, पुढे धानाची बांधी आणि बांधीच्या पलीकडे मोहाचं जुनं झाड. बाजाराच्या दिवशी आतल्या पाड्यांवरची माणसं मोह, डिंक, कोंबड्या घेऊन गावात यायची. त्या गर्दीत डोक्यावरून चादर घेतलेला एक जास्त माणूस कोणाच्या डोळ्यावर येत नसे. दुपार कलली की विलासभाऊ त्या मोहाखाली येऊन उभा राही. मायनं कुंपणावर सूप टांगलेलं असलं तर सगळं ठीक, ये. सूप नसलं तर येऊ नको. सूप दिसलं की तो बांधावरून यायचा, मागच्या दारी बसून जेवायचा आणि बाजार उठायच्या आत परत जायचा. तो यायच्या दिवशी माय लाखोळीच्या डाळीचे वडे करायची, लसूण जास्त घालून. तेलात पडले की त्यांचा वास बांधीपर्यंत जायचा. भाऊ जेवताना कोणी बोलत नसे. बाबा दारात बसून दोरी वळत आणि एक डोळा रस्त्यावर ठेवत. मी भाऊच्या शेजारी बसून त्याच्या चादरीला येणारा धुराचा वास घ्यायचो.

आता तुम्हाला कळलं असेल, चादरवाल्याबद्दल मला एवढी खात्री का होती. माझ्या दोस्तांचे सगळे अंदाज होते. माझ्याकडे पुरावा होता. आणि तो दाखवता येत नव्हता. ज्याला हा त्रास झालेला नाही त्याला तो सांगून कळणार नाही. रोज हरत असलेल्या भांडणात खिशातला हुकमी पत्ता तसाच दाबून बसायचं.

त्या दिवशी, म्हणजे बाजाराच्या आदल्या दिवशी, दुकानात नेहमीचीच बाचाबाची चालली होती. बाकावर एक माणूस बसला होता, खाकी पिशवी मांडीवर घेऊन. त्याचा ट्रान्झिस्टर हमीदभाईंच्या टेबलावर उघडा पडला होता. ओळखीचा नव्हता. आम्ही सवयीनं त्याच्याकडे पाहिलं नाही. जावेद तिसऱ्या स्टेजला पोचला, चादरवाला दिसला, आणि जावेदनं मुद्दाम त्याच्यावर गोळ्यांची लड सोडली.

‘‘मर! मर साले! आला मोठा भाऊ!’’

‘‘मारू नोको ना बे!’’ मी त्याच्या हातातला रिमोट ओढला.

‘‘काऊन? तुया सगा हाये का?’’ मंगेश म्हणाला. ‘‘भाऊ असा झाडाखाली उभा राहते का कोणाचा? भाऊ घरी येते, जेवते.’’

‘‘येतेच ना!’’ मी ओरडलो. ‘‘आमचा भाऊ नाई का उभा राहत मोहाखाली, चादर घेऊन? आधी उभा राहते, पाह्यते, मंगच येते जेवाले. बाजाराच्या दिवशी पाह्य येऊन!’’

गेमचं संगीत चालूच राहिलं. हिरो मेला आणि पहिल्यापासून सुरू झालं. हमीदभाईंच्या हातातली कथिलाची सळई तशीच अधांतरी थांबलेली मला दिसली. बाकावरचा माणूस मान वळवून माझ्याकडे पाहत होता. त्याचा चेहरा आजही मला आठवतो आणि त्यात आठवण्यासारखं काहीच नाही. दाढी वाढलेली, डोळे थकलेले.

‘‘कोणाचा पोरगा हाये हा?’’ त्यानं विचारलं.

जे आमच्याकडे कोणी विचारत नसे, ते.

‘‘अरे साहेब, इसका क्या सुनते,’’ हमीदभाई लगेच म्हणाले. ‘‘गेम देख देख के पागल हुआ है. इसका भाई नागपूरमें कंपनीमें है. चला रे, बंद करा, टीव्ही तापला.’’ त्यांनी उठून स्वतः बटण बंद केलं. खोलीत नुसती खरखर उरली. मला खांद्याला धरून त्यांनी मागच्या दारापर्यंत नेलं आणि हळू आवाजात म्हणाले, ‘‘सीधा घर जा. अम्मी को बता, तू काय बोलला ते. आजच. सुना?’’

मी ऐकलं. पण सांगितलं नाही. घरी आलो तेव्हा बाबा वखर दुरुस्त करत होते आणि माय भिजवलेली लाखोळीची डाळ पाहत होती, नीट भिजली का म्हणून. मला जेवण गेलं नाही. ती म्हणाली, ऊन लागलं असन. मी तिला सांगायला तोंड उघडायचो आणि मला वाटायचं, जोवर मी बोलत नाही तोवर ते घडलेलंच नाही. सकाळी शाळेच्या वाटेवर मंगेशबरोबर जावेद भेटला. तो म्हणाला, तो माणूस ट्रान्झिस्टर घेऊन गेला, आणि गंमत म्हणजे त्यात काही बिघाडच नव्हता. सेल उलटे घातले होते, बस.

‘‘मंजे बहाणा होता,’’ जावेद म्हणाला. ‘‘तो खबर काढाले बसला होता.’’

‘‘नाईतं त्याले खरंच सेल घालता येत नसन,’’ मंगेश म्हणाला. पण आदल्या दिवसापर्यंत चादरवाल्याबद्दल बोलताना त्याचे डोळे जसे चमकायचे तसे आता चमकत नव्हते. आम्ही तिघं त्या रस्त्यावर उभे राहून एका जिवंत माणसाबद्दल तर्क करत होतो, आणि तिघांनाही भीती वाटत होती. जंगलातला असेल, रस्त्यावरचा असेल, व्यापारी असेल.

दुपारी वडे तळून झाले. परातीवर केळीचं पान झाकलेलं. मायनं हात धुतले आणि खुंटीवरचं सूप काढलं, कुंपणावर टांगायला. तेव्हा मी सांगितलं. सगळं, गेमपासून. तिला गेममधलं काही कळलं नसणार; चादरवाला, लाल गाठोडं, काहीच नाही. पण ‘मोहाखाली’ हा शब्द कळला. मला वाटलं ती मारेल. मारलं असतं तर बरं झालं असतं, असं मी नंतर अनेक वर्षं म्हणत आलो. ती सूप हातात धरून क्षणभर उभी राहिली. मग खाली बसली, मडक्यातले तांदूळ सुपात घेतले आणि पाखडायला लागली. ते तांदूळ सकाळीच पाखडून झाले होते. त्यातून काहीच उडत नव्हतं. पण सूप घरात होतं, कामात होतं, आणि कुंपण रिकामं होतं.

‘‘तिकडं पाहू नोको,’’ ती म्हणाली. ‘‘कोणीच पाहू नका. रोजच्यासारखे बसा.’’

बाबांनी दोरी वळायला घेतली. बाजाराचा गलका गावाकडून येत होता. आणि मी नाही पाहिलं म्हणताना पाहिलंच: भाऊ आला होता. मोहाच्या खोडाला लागून चादर उभी होती. अगदी तशीच.

तेवढ्यात सांदवाडीच्या बाजूनं पावलं वाजली. समोरच्या रस्त्यानं नाही, मागून, बांधाला लागून असलेल्या पायवाटेनं तो माणूस आला. खाकी पिशवी, खांद्यावर ट्रान्झिस्टर. ‘‘बाई, पाणी मिळन का?’’ तो म्हणाला. ‘‘जीप यायले वेळ हाये म्हणतेत.’’

मायचं सूप थांबलं नाही. तिनं बाबांकडे पाहिलं, बाबांनी तिच्याकडे. मग ती उठली, ओट्यावर पोतं अंथरलं. मला तेव्हा कळलं नाही, पण नंतर हजारदा आठवलं आहे, तिनं पोतं कसं अंथरलं ते. बसणाऱ्याची पाठ बांधीकडे येईल, असं. तो बसला. मी त्याला लोट्यात पाणी दिलं. थोडं पाणी त्याच्या पायावर सांडलं. त्यानं माझ्याकडे पाहिलं. ओळखलं का, मला माहीत नाही.

‘‘वड्यांचा वास येऊन राह्यला,’’ तो म्हणाला. ‘‘पाहुणे येणार हायेत का कोणी?’’

‘‘बाजाराच्या दिवशी कोणाच्या घरी तेल तापत नाई?’’ माय म्हणाली. ‘‘खाता का?’’

आणि तिनं केळीचं पान बाजूला केलं आणि भाऊसाठी केलेले वडे त्याच्या पुढ्यात वाढले. त्यानं नको म्हटलं नाही. तो खात होता, ती पुन्हा पाखडायला बसली, आणि त्याच्या डोक्यावरून मला बांधीपलीकडे ती चादर दिसत होती. मला वाटत होतं, भाऊनं आता जावं. आणि त्याच वेळी वाटत होतं, त्यानं जाऊ नये. तो माणूस सावकाश खायचा. मध्येच त्यानं ‘‘लसूण चांगला हाये’’ म्हटलं. एकदा त्यानं मान वळवायला घेतली तेव्हा बाबा एकदम म्हणाले, ‘‘कोणतं स्टेशन लागते हो याच्यावर?’’ त्या प्रश्नाला त्यानं मनापासून उत्तर दिलं, ट्रान्झिस्टर लावूनसुद्धा दाखवला. घरात गाणं वाजायला लागलं. मी पुन्हा पाहिलं तेव्हा मोहाखाली कोणी नव्हतं.

तो माणूस हात धुऊन, ‘‘येतो बाई’’ म्हणून गेला. जीप आली, गेली. काहीही झालं नाही. त्या रात्री नाही, त्या महिन्यात नाही. घरावर कोणी आलं नाही, कोणी विचारलं नाही. पण भाऊ त्यानंतर आला नाही. पुढच्या बाजाराला मायनं सूप टांगलं, त्याच्या पुढच्यालाही. ते झिजलं तेव्हा तिनं नवं घेतलं आणि तेही टांगत राहिली. मग कधीतरी निरोप आला की तो सिरोंच्याच्या पलीकडे, तेलुगू मुलखात, कापसाच्या कारखान्यात लागला आहे. बाबा गेले तेव्हा त्याला कळवता आलं नाही. दिवस निवळले, ठेकेदार मेला, ती पोती कोणाच्या लक्षात राहिली नाहीत, तेव्हा तो परत आला. केस पांढरे झालेले. मायनं त्याला पाहिलं, एवढं समाधान आहे. पण त्या दिवसाबद्दल ती बोलली नाही, तो बोलला नाही, आणि मी तर नाहीच. विचारायचं नाही, ही आमची सवय घरातसुद्धा तेवढीच पक्की होती.

हमीदभाईंनी ती कॅसेट पुन्हा लावली नाही. खराब झाली म्हणाले. खराब झाली नव्हती, जावेदनं मला नंतर सांगितलं.

हे सगळं लिहायला बसलो त्याचं कारण गेल्या दिवाळीचं. मी आता भद्रावतीला असतो. विलासभाऊ ब्रह्मपुरीला काळीपिवळी चालवतो, नदीपलीकडून येणारी माणसं बाजारात पोचवतो. दिवाळीला तो आमच्याकडे आला होता. माझ्या मुलीच्या फोनमध्ये ते जुने गेम सगळे मिळतात, आणि मी दिलेल्या वर्णनावरून तिनं तो शोधून काढला होता. जगभरातले लोक म्हणे अजून त्या चादरवाल्यावरून भांडतात. बनवणाऱ्यांनी कधीच सांगितलेलं नाही. तिनं मला काही तर्क वाचून दाखवले. जावेदचा होता, मंगेशचा होता. माझाही होता, कुठल्या तरी परदेशातल्या माणसाच्या नावावर.

भाऊ चष्मा वर करून फोनकडे पाहत होता. तिसरी स्टेज, धबधबा, झाड. ‘‘हा कोण?’’ त्यानं विचारलं.

मी त्याला सगळे तर्क सांगितले. खबऱ्या, बॉस, भाऊ. सांगता सांगता माझा आवाज बदलला आणि मग मी थांबलोच नाही. दुकान, बाक, मी काय ओरडलो, कधी सांगितलं, किती उशिरा सांगितलं. माझी मुलगी उठून आत गेली. भाऊ फोन हातात धरून ऐकत होता.

‘‘सूप नव्हतं, ते मले दिसलं होतं,’’ तो म्हणाला. ‘‘तरी मी उभाच होतो. वास येऊन राह्यला होता ना.’’ मग म्हणाला, ‘‘अन् आपल्या ओट्यावर बसून कोणी खाऊन राह्यला होता. पाठ दिसे नुसती. तिकडं कारखान्यात मी लय दिवस इचार करत राहो, तो कोण असन म्हून. कोण होता तो?’’

‘‘मले नाई माहीत, भाऊ. अजूनबी नाई माहीत. पोलिसाचा असन, नाईतं जंगलातला...’’

‘‘काईतरीच,’’ भाऊ म्हणाला. ‘‘भुकेला असन बे. मायनं वाढलं ना? मंग भुकेलाच असन.’’

त्यानं फोन डोळ्यांजवळ धरला आणि जाड अंगठ्यानं त्या लाल पट्टीच्या पोराला झाडाकडे न्यायला लागला, हळूहळू, गोळी न मारता.